लेकीचे कान तपासताना

"हाई पोरले सोताले बोलता येत नही, आनि हाई आपली रुचिताना कान तपासी?"

हे वाक्य नवऱ्याच्या कानाशी तोंड नेऊन, अगदी हळू म्हटलेलं होतं. निदान म्हणणाऱ्या बाईंची तशी समजूत होती. प्रत्यक्षात ते बाकावरच्या सगळ्या पेशंटनी ऐकलं, काउंटरवरच्या हिनाबेननी ऐकलं आणि दारात उभं राहून दोनदा "रुचिता" असं नाव पुकारणाऱ्या मीही ऐकलं. 'हाई पोर' म्हणजे मी. नवऱ्यानं उत्तर म्हणून फक्त भुवया उडवल्या.

हिनाबेननी त्यांच्या गुजरातीत मला नेहमीचं ऐकवलं, "जोरथी बोल ने, बेन! तारो अवाज तो मनेय नथी संभळातो, ने मारा कान तो सारा छे."

मी सुरतेत एका कान-नाक-घशाच्या दवाखान्यात कान तपासते. डॉक्टर मॅडम वेगळ्या. त्या कानात डोकावतात, मळ काढतात, औषध देतात, ऑपरेशन करतात. कानाला किती ऐकू येतं ते मोजणं माझं काम. त्याचं चार वर्षांचं शिक्षण असतं, हे मी पाहुण्यांना सांगायचं आता सोडून दिलंय. "म्हणजे मळ काढतेस का?" असं ते विचारतात, आणि मी "हो" म्हणते. तेवढंच बोलणं वाचतं.

हळू बोलणाऱ्या मुलीनं हे काम निवडावं याचं सगळ्यांना हसू येतं. मलाही येतं. पण मला हे काम आवडण्याचं कारण असं, की यात मी फारसं बोलायचं नसतं. जाड दाराची एक लहानशी खोली असते, आतून फोमनं मढवलेली. पेशंट आत, मी बाहेर, मध्ये काच. मी यंत्रावरून एकेक आवाज सोडते, कधी जाड, कधी बारीक, हळूहळू कमी करत. ऐकू आला की पेशंटनं बोट वर करायचं. कुठल्या पट्टीतला किती हळू आवाज ऐकू आला त्याच्या खुणा करत गेलं की एक आलेख तयार होतो. माणूस माझ्याशी बोलत नाही, बोटानं सांगतो. मला चेहरा वाचायला भरपूर वेळ मिळतो. लहानपणापासून मी तेच करत आलेय. इंग्रजी शाळेत मी मराठी घरातली, गल्लीत मी इंग्रजी शाळेतली. दोन्हीकडे आधी बघायचं आणि मग, गरज पडलीच तर, बोलायचं.

आमच्याकडे येणारी निम्मी माणसं लूमवरची, म्हणजे कापडाच्या यंत्रमागांवरची. गोडादरा, बमरोली, भेस्तान इथून येतात. लूमच्या खात्यात, म्हणजे कारखान्यात, शेकडो यंत्रं एकाच वेळी धडधडतात, आणि पाळी बारा तासांची. त्या आवाजात कानाचं काय होतं ते सोप्या भाषेत सांगते. कान एकदम बंद होत नाही. आधी बारीक पट्टीतले आवाज जातात. स, श, फ, ट ही अक्षरं त्या पट्टीत असतात, पक्षी असतात, आणि बायकांचा व मुलांचा आवाजही बराचसा तिकडेच असतो. जाड आवाज ऐकू येत राहतात. म्हणून माणसाला वाटतं, आपले कान ठीक आहेत, लोकच हल्ली तोंडातल्या तोंडात बोलतात. 'आवाज येतो, पण काय म्हणतात ते कळत नाही' हे वाक्य कुणी म्हटलं की आलेख काढण्याआधीच तो कसा उतरणार ते मला दिसतं. जिना उतरल्यासारखा, बारीक आवाजांच्या बाजूला.

आणि गेलेलं परत येत नाही. कोमट तेलानं येत नाही, गोळीनं येत नाही. हे सांगताना मला दर वेळी वाईट वाटतं. कारण राहिलेलं वाचवणं फार अवघड नसतं. पाळीवर जाताना कानात नीट बसणारे रबराचे बोळे घालायचे. कापूस किंवा सुताचा चोथा चालत नाही, आवाज त्यातून आरामात आत जातो. पाळी संपल्यावर कानात शिट्टी वाजत राहिली, तर कान थकल्याचं ते सांगणं असतं. आणि वर्षातून एकदा खुर्चीत येऊन बसायचं. काम एवढंच. पण येतं कोण?

मुलं येतात. म्हणजे मुलांना आणतात. मुलगा दोनदा शिंकला तर आई-बाप त्याला घेऊन धावतात. स्वतःसाठी मात्र त्यांना वेळ नसतो. बमरोलीची एक आई तीन मुलांना पाळीपाळीनं घेऊन यायची. दर वेळी पदर डाव्या कानावरून घट्ट ओढून बसायची. तिसऱ्या वेळी डॉक्टर मॅडमनी न विचारता तिचाच कान बघितला. आत जुना पू होता. "कधीपासून?" तर म्हणाली, "मोठा जन्मला तेव्हापासून असेल. पण त्याला शाळेत घालायचं होतं ना." मोठा तेव्हा सातवीत होता.

रुचिता दुसरीत होती. वडील सुनीलभाऊ लूमवर, आई वंदनाताई घरी बसून साड्यांचे सुटे धागे कापायच्या. मूळ गाव धुळ्याकडचं. शाळेतल्या बाईंचं म्हणणं होतं, की मुलगी वर्गात तोंड उघडत नाही. विचारलं तर मान हलवते, हात हलवते, डोळे मोठे करते. बहुतेक ऐकू येत नसावं. कानाचा रिपोर्ट आणा, मग बघू तिला याच शाळेत ठेवायचं की मुक्या-बहिऱ्यांच्या. एवढं ऐकल्यावर सुनीलभाऊंनी खाडा केला होता. खाडा म्हणजे बिनपगारी गैरहजेरी. दिवस तर जातोच, शिवाय दुसऱ्या दिवशी शेटची बोलणीही खावी लागतात.

मुलीला मी आत नेलं आणि खाली बसून अहिराणीत विचारलं, "तुनं नाव काय शे?"

मुलगी हसली. मागे वंदनाताईंनी जीभ चावली.

"व माय! मॅडम आपलीच शे! मी तं समजनू गुजराती शे."

"अमळनेरचे आम्ही," मी म्हटलं. बाकीचं, म्हणजे बाहेर ऐकलेलं, मी ऐकलंच नाही असं दाखवलं. त्या लगेच सावरल्या. "मग जरा जोरमा बोलत जा ना, बहीण. खावाले नही देतस का घरमा?"

मी रुचिताच्या कानांवर हेडफोन ठेवायला गेले तर तिनं डोकंच मांडीत घातलं. लहान मुलं घाबरतात. अशा वेळी आम्ही हेडफोन ठेवत नाही. आवाज खोलीतल्या स्पीकरवरून सोडतो आणि मुलाबरोबर आई किंवा बाप आत बसतो. वंदनाताई म्हणाल्या, "तिले बाप लागस. बापनीच लाडकी." मग सुनीलभाऊ तिच्या शेजारच्या स्टुलावर बसले. मी दोघांना समजावलं, की आवाज आला की रुचितानं बोट वर करायचं. सुनीलभाऊ माझ्या तोंडाकडे अगदी एकटक बघत होते. मला संकोच वाटला, आणि मी मान वळवून उरलेलं यंत्राकडे बघत सांगितलं. त्यांनी मान डोलावली. आता कळतं, की त्या उरलेल्यातलं त्यांच्यापर्यंत काही पोचलं नसणार.

जाड दार लावलं. काचेतून बापलेक शेजारी बसलेले दिसत होते. बापानं भुवई उंचावली, मुलीनं नाक फेंदारलं, बापानं दोन बोटं हलवली, मुलगी खुदकन हसली. सगळं आवाजाशिवाय. लूमवरची माणसं एकमेकांशी असंच बोलतात, त्या धडधडाटात दुसरा उपाय नसतो. हे दोघं घरीही असंच बोलत असणार. सवय किती पक्की होती! मी बघत राहिले.

आणि मग पहिला आवाज सोडला. बोट वर. त्याहून हळू. बोट वर. बारीक पट्टीतला, अगदी हळू, डास कानाजवळून गेल्यासारखा. बोट वर. मला आनंद झाला. इतके तल्लख कान रोज बघायला मिळत नाहीत.

सुनीलभाऊंच्या कपाळावर आठी आली. त्यांनी आधी स्पीकरकडे बघितलं, मग मुलीच्या बोटाकडे, मग काचेतून माझ्याकडे. मी पुढचा आवाज सोडला. मुलीनं पुन्हा बोट वर केलं. त्यांनी तिचं बोट धरून खाली केलं.

आतल्या माइकमधून त्यांचा आवाज माझ्याकडे आला. लूमवरच्या माणसाचा आवाज, मोठा, सपाट. "उगीच बोट वर करू नको. काही वाजलं नाही. खोटं खोटं करशील तर मॅडमला कळतं सगळं."

मुलीनं वडिलांकडे बघितलं. मान हलवली, म्हणजे 'वाजलं'. त्यांनी डोळे वटारले, म्हणजे 'नाही वाजलं'.

पुढच्या आवाजाला बोट वर झालं नाही. त्याच्या पुढच्यालाही नाही. मी आवाज वाढवत गेले. मुलगी आता स्पीकरकडे बघतच नव्हती. ती बापाच्या चेहऱ्याकडे बघत होती. खूप मोठ्या आवाजाला सुनीलभाऊंची मान किंचित हलली, ते स्वतःशीच 'हं, आता वाजलं' म्हणाल्यासारखी. तशी तिनं पटकन बोट वर केलं. जाड आवाजाला बापाची मान लवकर हलायची, तिचं बोटही लवकर. बारीक आवाजाला बाप दगडासारखा, तीही दगडासारखी. माझा हात सवयीनं खुणा करत होता. खाली बघितलं तर जिना उतरत होता. खात्यात कधी पाऊल न टाकलेल्या सात वर्षांच्या मुलीच्या नावावर, वीस वर्षं लूम चालवलेल्या माणसाचा आलेख.

इथे थोडं थांबून पुढचं आधी सांगून टाकते, कारण दिवाळी अंकात कुणा वाचकाला घोर लावू नये.

सुनीलभाऊ आता एका कानाला ऐकण्याचं मशीन लावतात. घरी लावतात, खात्यात काढून डबीत ठेवतात आणि तिथे दोन्ही कानांत बोळे घालतात. पहिल्या आठवड्यात ते तक्रार घेऊन आले. "मॅडम, मशीन बिघडलंय. घरात फार आवाज येतो. भांडी, नळ, पिशव्या. प्लास्टिकची पिशवी एवढी वाजते?"

"वाजते," मी म्हटलं.

"आणि ही," वंदनाताईंकडे बोट करून, "ही दिवसभर बोलते! पहिल्यापासून एवढं बोलत होती?"

"लगीन झायं तधळपासून," वंदनाताई म्हणाल्या. "मन्हं नुकसान झायं बहीण. पहिले यास्नासमोरच यास्ले शिव्या देता येत व्हत्या."

रुचिता त्याच शाळेत आहे. ती फार बोलकी झाली असं मी लिहिणार नाही. बाईंनी विचारलं तर आता तोंडानं उत्तर देते, एवढं नक्की. हळू बोलते. माझ्या मते त्यात दुरुस्त करण्यासारखं काही नाही.

आणखी एक गोष्ट झाली. सुनीलभाऊंच्या खात्यातली माणसं येऊ लागली. एकटं कुणी येत नाही. प्रत्येकानं बरोबर एक मूल आणलेलं असतं. "मुलाचे कान बघा," म्हणतात आणि स्टुलावर स्वतःच बसायला बघतात. एकानं तर शेजाऱ्याचा मुलगा आणला होता. डॉक्टर मॅडम हसून हसून बेजार झाल्या. शेवटी त्यांनी नियमच केला, की मुलाची तपासणी असेल त्या दिवशी आई-बापाचीही त्याच फेरीत करायची. वेगळा खाडा नको, वेगळी सबब नको. मुलांना लस द्यायला जाल तेव्हा आपला रक्तदाब बघून घ्या, त्यांना चष्म्याला न्याल तेव्हा आपलेही डोळे दाखवा, असं त्या आता सगळ्यांना सांगतात. मला हे पटतं. काम करणाऱ्या आई-बापाला स्वतःसाठी दिवस काढायची लाज वाटते, मुलासाठी वाटत नाही. मग मुलाच्या दिवसातला थोडा वेळ चोरावा. मूल काही तक्रार करत नाही. उलट बापाला हेडफोन घालून बोट वर करताना बघायला मुलांना फार मजा येते.

पण त्या दिवशी यातलं काही झालेलं नव्हतं. त्या दिवशी मी काचेच्या अलीकडे होते आणि माझ्यासमोर एक चुकीचा कागद होता.

कागद फाडून टाकणं सोपं होतं. मुलीची तपासणी पुन्हा, आईला बरोबर बसवून करता आली असती. बापाला कारण सांगायची गरजही पडली नसती. 'मशीन जरा गरम झालंय' असं म्हणून मी वेळ मारून नेऊ शकले असते. मी त्यात पटाईत आहे. रिपोर्ट चांगला आला असता, शाळेनं मुलीला ठेवलं असतं, सुनीलभाऊ आनंदानं पाळीवर गेले असते. आणि घरी लेक जे काही बोलेल ते यापुढेही खोटंच ठरलं असतं, कारण बापाला ते कधी वाजलेलंच नसतं.

पेशंटला त्याच्या कानांबद्दल सांगायचं काम डॉक्टर मॅडमचं. पण मॅडम ऑपरेशनला गेलेल्या, आणि सुनीलभाऊ तर पेशंट म्हणून आलेलेच नव्हते. उद्या मॅडम भेटतील म्हटलं तर दुसरा खाडा. तो ते स्वतःसाठी करणार नाहीत, हे वंदनाताईंना न विचारताही मला माहीत होतं.

खोलीत बोलायला माझ्याकडे माइक आहे. मी त्यात म्हटलं, "सुनीलभाऊ, जरा थांबा." रुचितानं मान वर करून माझ्याकडे बघितलं. सुनीलभाऊंनी नाही. ते अजून तिच्या बोटावर लक्ष ठेवून होते, एखादा धागा तुटतो का बघावं तसं.

मग रुचितानं त्यांच्या बाहीला हात लावला आणि काचेकडे बोट दाखवलं. माझ्या डोळ्यांसमोर तिनं मला ऐकलं होतं आणि त्यांना सांगितलं होतं, तोंड न उघडता. घरी ती दिवसभर हेच करत असणार. दाराची कडी वाजली की बाही. आईनं हाक मारली की बाही. ज्या मुलीला बहिरी ठरवायला आणलं होतं, ती त्या घराचे कान होती.

मी उठले आणि जाड दार उघडलं. बाहेरचं दारही उघडंच होतं. बाकावर आठ-दहा माणसं, काउंटरवर हिनाबेन, दारापाशी वंदनाताई पिशवी पोटाशी धरून. माझं बोलणं ऐकू जायला हवं होतं एका माणसाला, आणि त्याला ऐकू जाईल असं बोलायचं तर ते या सगळ्यांनाच ऐकू जाणार होतं. त्या माणसाला चार लोकांत कमीपणा वाटेल, याची मला भीती होती. आपल्याला स्वतःचा आवाज असा मोठा ऐकावा लागेल, याचीही होती.

मी त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिले, म्हणजे माझं तोंड त्यांना नीट दिसेल. सुनीलभाऊ उठायला लागले. त्यांना वाटलं, झालं. "काय निघालं, मॅडम?" त्यांनी विचारलं. "खोटं करते ना ती? घरी पण अशीच करते. काही वाजलं नाही तरी 'वाजलं' म्हणते." बोलताना त्यांचा हात मुलीच्या डोक्यावर होता. रागावलेला हात नव्हता तो. घाबरलेला होता. खाडा करून, पोरीला वेगळ्या शाळेत घालावं लागेल की काय या धास्तीनं आलेल्या बापाचा.

मी श्वास घेतला. आणि मी, आमच्या घरी आई गच्चीवरून हाक मारते तेवढ्या आवाजात, सगळ्या दवाखान्याला ऐकू जाईल असं म्हटलं,

"भाऊ, पोर खोटं नही करी ऱ्हायनी. तिना कान चांगला शेतस. आते तुम्ही बठा."